पाकिटावरचा पत्ता



साठोत्तरी मराठी साहित्य आणि लघुनियतकालिकांची चळवळ यांविषयीचा घटक तुम्ही आता वाचून संपवला असेल. कालखंड, प्रमुख नावे, वैशिष्ट्ये, मर्यादा अशी टिपणेही काहींनी काढली असतील. परीक्षेसाठी ती उपयोगी पडतील. आता थोडा वेळ वही मिटून ठेवा. या लेखात मी तुम्हाला त्या चळवळीच्या मुंबईत पायी घेऊन जाणार आहे. साहित्याच्या इतिहासातील काही पाने रस्त्यांवर, उपाहारगृहांत आणि चाळींच्या जिन्यांवर घडलेली असतात. ती जागेवर जाऊन वाचली तर वेगळी वाचली जातात, असा माझा अनुभव आहे. त्यातले एक पान माझ्या घरातलेच निघाले. तेही मी या निमित्ताने तुमच्यासमोर उघडणार आहे.

प्रथम माझा पत्ता सांगतो. मी अष्टमीचा. कुंडलिका नदीच्या एका तीरावर रोहा आणि दुसऱ्या तीरावर अष्टमी. नगरपरिषदेच्या नावात दोन्ही गावे जोडलेली आहेत. बोलण्यात मात्र दुसरे गाव सहज गळून पडते. बाहेरगावी कोणी विचारले, तर मीही कित्येक वर्षे 'रोह्याचा' असेच सांगत आलो. त्यात खोटे काही नव्हते आणि समोरच्याला ते लवकर समजत असे. पत्ता थोडा सोयीचा करून सांगण्याची सवय मला घरातूनच लागली होती. ती कशी लागली, ते पुढे येईल.

मी तुमच्यासारखाच दूरशिक्षणाचा विद्यार्थी होतो. बारावीनंतर नोकरी धरली. सत्तावीस-अठ्ठावीस वर्षांचा झाल्यावर मुक्त विद्यापीठातून बी. ए. ला प्रवेश घेतला. पुढे एम. ए. केले आणि आज अभ्यासकेंद्रावर रविवारी मराठीचा समंत्रक म्हणून काम करतो. काही वर्षांपूर्वी माझ्या संमंत्रण वर्गातील एका विद्यार्थिनीने मला अडचणीत टाकणारा प्रश्न विचारला. त्या एका अंगणवाडीत सेविका होत्या आणि त्यांचा मुलगा त्या वर्षी दहावीला होता. त्या म्हणाल्या, "सर, 'गोलपिठा' हे पुस्तकाचं नाव आहे, एवढं मला कळलं. पण ते खरं ठिकाण आहे का? असेल तर कुठे आहे?"

मी उत्तर दिले, "मुंबईत आहे. कामाठीपुऱ्याच्या बाजूला." वर्ग क्षणभर गप्प झाला. मागच्या बाकावर कोणीतरी दबक्या आवाजात हसले. ते हसू मी चाळीस वर्षांपूर्वी ऐकले होते. मग मी ठरवले की, ज्यांना यायचे असेल त्यांना घेऊन तिथे जायचे.

डिसेंबरातल्या एका रविवारी आम्ही अकरा जण पहाटेच्या दिवा गाडीने निघालो. नागोठण्याला दोघे चढले, पेणला तिघे. डबे, पाण्याच्या बाटल्या, पुस्तकांच्या झेरॉक्स असा सरंजाम होता. गाडीत मी त्यांना सांगितले की, जगात अनेक ठिकाणी अशा पायी सहली निघतात. अमेरिकेत सॅन फ्रान्सिस्को शहरातील हेट-ॲशबरी या भागात 1967 च्या उन्हाळ्यात प्रस्थापित जगण्याला कंटाळलेले हजारो तरुण जमले होते. आज तिथे मार्गदर्शक पर्यटकांना घेऊन हिंडतात; अमुक घरात अमुक गायक राहत होता, असे सांगतात. त्यावर त्या अंगणवाडीच्या ताईंनी विचारले, "आणि त्या घरात आता राहणाऱ्यांना काय वाटत असेल?" माझ्याजवळ उत्तर नव्हते. तो प्रश्न दिवसभर आमच्याबरोबर चालत राहिला.

आमचा पहिला थांबा काळा घोडा. येथे जाऊन पाहिले तर नावातला मूळ घोडा जागेवर नाही. इंग्लंडचा राजा सातवा एडवर्ड युवराज असतानाचा त्याचा अश्वारूढ पुतळा येथे होता. 1965 साली तो हलवून भायखळ्याच्या राणीच्या बागेत, म्हणजे आजच्या वीरमाता जिजाबाई भोसले उद्यानात, नेण्यात आला. घोडा गेला तरी लोकांनी नाव सोडले नाही. 2017 साली येथे एक नवा काळा घोडा उभारण्यात आला. त्याच्या पाठीवर स्वार नाही. आमच्यातील एक शिक्षक विद्यार्थी तो पाहून म्हणाले, "राजा उतरला, घोडा राहिला." घटकातील 'प्रस्थापितविरोध' या संकल्पनेवर मी चार तास बोललो असतो, तरी इतके नेमके बोलू शकलो नसतो.

याच चौकात, जहांगीर कलादालनासमोर, वेसाइड इन नावाचे उपाहारगृह होते. अरुण कोलटकर आणि त्यांचे मित्र तेथे वर्षानुवर्षे गुरुवारी दुपारी बसत. खिडकीतून दिसणारी रस्त्यावरची माणसे, झाडूवाल्या, भिकारी, कुत्री, सकाळी रस्त्यावर मिळणारी इडली हे सगळे कोलटकरांच्या 'काळा घोडा पोएम्स' या 2004 साली प्रसिद्ध झालेल्या इंग्रजी संग्रहात आले. ते उपाहारगृह आता नाही. आम्ही पदपथावर उभे राहून त्या जागेकडे पाहिले. काही मिनिटांनी लक्षात आले की, आपण बंद झालेल्या खिडकीकडे पाहत आहोत आणि कोलटकर जिकडे पाहत होते, त्या रस्त्याकडे आपली पाठ आहे. मग आम्ही वळलो. फुटपाथवर एक बाई मुलीची वेणी घालत बसली होती.

येथे थोडी उजळणी करू. 1950 च्या दशकाच्या मध्यावर दिलीप चित्रे, अरुण कोलटकर आणि रमेश समर्थ यांनी 'शब्द' नावाचे अनियतकालिक काढले. स्टेन्सिल कापायची, सायक्लोस्टाइल यंत्रावर प्रती काढायच्या आणि ओळखीच्यांत वाटायच्या, अशी ती रीत होती. पुढे 'अथर्व', 'असो', 'वाचा', 'येरू', 'फक्त' अशी कितीतरी निघाली आणि बंद पडली. अशोक शहाणे, भालचंद्र नेमाडे, राजा ढाले, वसंत गुर्जर, तुलसी परब, सतीश काळसेकर, नामदेव ढसाळ ही नावे तुम्ही वाचली आहेत. यांच्यापैकी अनेकांजवळ भांडवल नव्हते, छापखाना नव्हता, वर्गणीदारांची यादी नव्हती. जवळ होते ते मित्र, पाय आणि शहर. त्यामुळे ते फार चालत. वाद चालता चालता होत. ज. वि. पवार यांनी सांगून ठेवले आहे की, 1972 साली स्थापन झालेल्या 'दलित पँथर' या संघटनेची कल्पनाही ते आणि ढसाळ मुंबईच्या रस्त्याने पायी जात असताना त्यांच्या बोलण्यातून निघाली. अमेरिकेतील कृष्णवर्णीयांच्या 'ब्लॅक पँथर' संघटनेचे नाव तेव्हा त्यांच्यासमोर होते.

चालणे हे आपल्या जिल्ह्यालाही नवे नाही. 20 मार्च 1927 रोजी महाडला परिषदेच्या मंडपातून हजारो माणसे डॉ. बाबासाहेब आंबेडकरांच्या मागे चवदार तळ्यापर्यंत चालत गेली आणि पाणी प्यायली. आपल्या जिल्ह्याच्या इतिहासातील सर्वांत महत्त्वाची पायपीट तीच. काही अंतर केवळ पायांनीच कापावे लागते, हे त्या दिवशी सिद्ध झाले.

काळ्या घोड्यावरून बसने आम्ही गिरगावात आलो. खटाववाडीत मौज प्रकाशन गृह. 'सत्यकथा' हे मासिक येथले. श्री. पु. भागवत आणि राम पटवर्धन या संपादकांनी त्याला जे वजन मिळवून दिले, ते मराठीत क्वचितच दुसऱ्या मासिकाला लाभले असेल. नवकथा आणि नवकविता यांना याच मासिकाने घर दिले. याच 'सत्यकथे'च्या अंकाची 1969 साली राजा ढाले आणि त्यांच्या मित्रांनी गिरगावात होळी केली. मासिक त्यानंतरही चालू राहिले आणि 1982 साली बंद झाले. गल्लीत उभे राहून आमच्यात चर्चा झाली. पुस्तके जपून वापरणाऱ्या, जुन्या बाजारातून विकत घेणाऱ्या माझ्या विद्यार्थ्यांना अंक जाळणे पटत नव्हते. एक जण म्हणाले, "न आवडलेला अंक वाचू नये, एवढंच. जाळायचा कशाला?" मी त्यांना विचारले, "ज्या घरात आपल्याला कधीच बोलावलं जाणार नाही असं तुम्हाला वाटतं, त्या घराच्या दाराशी तुम्ही काय कराल?" ते विचारात पडले. 'सत्यकथे'चे ऋण आणि त्या तरुणांचा राग ही दोन्ही सत्ये एकाच वेळी धरून ठेवता आली पाहिजेत. परीक्षेत दोन्ही बाजू लिहा, असे आम्ही समंत्रक सांगतो, त्याचा खरा अर्थ हा आहे.

तेथून प्रार्थना समाजावरून ग्रँट रोडच्या दिशेने आम्ही चालू लागलो. थोडे पुढे गेले की मुंबई बदलते. पिला हाऊस आले. 'प्लेहाऊस' या इंग्रजी शब्दाला लोकांच्या जिभेने दिलेले हे रूप. एकोणिसाव्या शतकात या परिसरात नाटकगृहे होती. पुढे तमाशाची थिएटरे आली. येथून जाणाऱ्या फॉकलंड रोडचे अधिकृत नाव 'पठ्ठे बापूराव मार्ग' आहे. श्रीधर कृष्णाजी कुलकर्णी नावाचा, 1866 साली जन्मलेला ब्राह्मण तरुण घरदार आणि जात मागे टाकून तमाशात शिरला. महार समाजातील कलावंत पवळा हिच्याबरोबर बोर्डावर उभा राहिला आणि पठ्ठे बापूराव झाला. बंडखोरीचा इतिहास आपण 1960 पासून सुरू करतो. रस्त्यावरची पाटी तो बराच आधी सुरू करते.

येथे मी सर्वांना थांबवले आणि सांगितले, "इथून पुढे मोबाईल खिशात ठेवायचा. छायाचित्र काढायचं नाही. कोणाकडे बोट दाखवायचं नाही." मग त्यांना एका जुन्या पायी फेरीची हकिगत सांगितली.

'गोलपिठा' हा नामदेव ढसाळांचा पहिला कवितासंग्रह 1972 साली निघाला. ढसाळांचा जन्म 1949 सालचा, पुणे जिल्ह्यातला. वाढले ते या वस्तीतल्या ढोर चाळीत. काही काळ त्यांनी टॅक्सी चालवली. संग्रहाला प्रस्तावना आहे विजय तेंडुलकरांची. तेंडुलकर त्या वेळी नामवंत नाटककार होते, 'शांतता! कोर्ट चालू आहे' येऊन पाच वर्षे झाली होती. मराठी माणसाला अस्वस्थ करणारे लेखन करणारा हा लेखक. तरीही प्रस्तावना लिहिण्यासाठी त्यांना ही वस्ती पाहावी लागली आणि ती दाखवायला तेवीस वर्षांचा कवी त्यांच्याबरोबर हिंडला. या कवितेतील अनेक शब्दांचे अर्थ आपल्याला कळत नाहीत, हे तेंडुलकरांनी प्रस्तावनेत मोकळेपणाने मान्य केले आहे. मला ही मराठी साहित्यातली अतिशय मोलाची फेरी वाटते. प्रतिष्ठित माणूस विद्यार्थी झाला होता आणि ज्याला शहराने काही शिकवण्यालायक मानले नव्हते, तो मार्गदर्शक झाला होता.

आता ते घरातले पान उघडतो.

माझे वडील 1964 पासून मुंबईत होते. भायखळ्याच्या एका कापड गिरणीत बदली कामगार. रोज सकाळी गिरणीच्या दाराशी उभे राहायचे. कोणी गैरहजर असेल तर काम मिळायचे. राहायला कामाठीपुऱ्यात, अकराव्या गल्लीत एक खोली. रोहा तालुक्यातल्या दहाबारा गाववाल्यांनी मिळून ती घेतली होती. पाळी बदलली की झोपणारे बदलत. पथारी तीच राहत असे. जेवण खानावळीत. तुम्ही जो कामाठीपुरा ऐकून आहात, तो तेवढाच नव्हता आणि नाही. मुंबई बांधायला आलेल्या तेलुगूभाषक कामाठी मजुरांवरून त्याला नाव पडले. तेथे कारागीर राहत, कामगार राहत, संसार चालत. दया पवारांच्या 'बलुतं' (1978) या आत्मकथनातील कावाखाना याच परिसरातला. पण गावात हे सांगणार कोणाला? गल्लीचे नाव घेतले की ऐकणाऱ्याच्या डोळ्यांत एकच चित्र उभे राही.

म्हणून आईने मला शिकवले होते, "कोणी विचारलं तर भायखळा सांगायचं. पुढचं काही सांगायचं नाही."

घरात लिहिता येणारा मीच. वडिलांना पत्र मी लिहायचो. पत्रात काहीही लिहिता येत असे. पाकिटावर मात्र खरा पत्ता घालावाच लागे, नाहीतर पत्र पोहोचणार कसे? पेटीपाशी जाताना मी पाकीट छातीशी उलटे धरायचो. कोणी नाही असे पाहून ते उलटेच पेटीत सरकवायचो. मनीऑर्डर घेऊन पोस्टमन यायचा, तेव्हा आई त्याला लगबगीने आत बोलवायची, म्हणजे त्याने ओटीवर उभे राहून पाठवणाऱ्याचा पत्ता मोठ्याने वाचू नये. पाचवीत असताना वर्गात एक अर्ज भरून घेत होते. वडिलांचा पत्ता म्हणून मी 'भायखळा' सांगितले. मागून एका मुलाने खरे ठिकाण सांगितले. त्याचे काका त्याच खोलीत राहत होते. वर्ग हसला. कोणी मला मारले नाही, शिवी दिली नाही. तरी त्या दिवसानंतर वडील सुटीवर आले की मी त्यांच्याबरोबर बाजारात जाणे टाळू लागलो.

18 जानेवारी 1982 रोजी गिरणी कामगारांचा संप सुरू झाला. सुमारे अडीच लाख कामगार त्यात उतरले. वडील काही महिने वाट पाहून वळकटी घेऊन अष्टमीला परत आले. नंतर धाटावच्या औद्योगिक वसाहतीत मिळेल ते काम करत राहिले. त्यांच्या बोलण्यात मुंबईचे शब्द होते: हप्ता, अड्डा, गुत्ता, भिडू, भंगार. एखादा त्याहून तिखट शब्द तोंडून गेला की आई दटावायची. मी पुस्तकातली मराठी शिकत होतो. वडिलांची भाषा मला घराबाहेर ठेवण्यासारखी वाटत होती.

अशा स्थितीत बी. ए. करत असताना 'गोलपिठा' माझ्या हातात आले. कविता वाचण्याआधी मी बराच वेळ मुखपृष्ठच पाहत बसलो. जो पत्ता मी लहानपणी छातीशी उलटा धरून नेत होतो, त्याच्या शेजारचा पत्ता कोणीतरी पुस्तकाच्या दर्शनी पानावर, सर्वांना दिसेल असा, सरळ छापला होता. मग आत गेलो. पुष्कळ ठिकाणी अडखळलो. घटकात लिहिले होते की, ही भाषा मध्यमवर्गीय वाचकाला दुर्बोध वाटते. मला तिच्यातला काही भाग ओळखीचा वाटला. तेंडुलकरांना ज्या जगातले शब्द विचारावे लागले, त्या जगातले थोडे शब्द आमच्या घरात मोरीपाशी पाय धुताना बोलले जात होते. आईने दटावलेले ते ज्ञान होते, हे मला एका पाठ्यपुस्तकाने सांगितले.

येथे एक खुलासा केला पाहिजे. बाबूराव बागुलांच्या 1963 सालच्या कथासंग्रहाचे नाव आहे 'जेव्हा मी जात चोरली होती'. जात लपवावी लागणे आणि उघड झाल्यावर जिवावर बेतणे यांची तुलना माझ्या लपवाछपवीशी होऊ शकत नाही. मी एक पत्ता चोरला होता आणि पकडलो गेलो तेव्हा वर्ग फक्त हसला होता. पण त्या लहानशा चोरीमुळे मला त्या मोठ्या दुःखाच्या दारापर्यंत तरी जाता आले. आत शिरल्याचा दावा मी करत नाही.

ते पुस्तक एके दिवशी मी घरी टेबलावर ठेवून गेलो होतो. परत आलो तर ते पालथे होते. वडील खाटेवर बसले होते. त्यांना मराठी वाचता येत होते, अक्षरे लावून, सावकाश. त्यांनी विचारले, "हे परीक्षेला आहे?" मी म्हटले, "हो." ते थोडा वेळ गप्प राहिले. मग म्हणाले, "मग नीट वाच." आणखी थोड्या वेळाने विचारले, "काय लिहिलंय त्यात? आमच्या तिकडचं?" मी म्हणालो, "कविता आहेत." आणि उठलो. त्यांना वाचून दाखवायची माझी हिंमत झाली नाही. त्यातले शब्द आईसमोर कसे उच्चारू, अशी सबब मी मनाशी तयार ठेवली. पुढच्या वर्षी वडील गेले. तो प्रश्न तसाच राहिला. पाकीट उलटे धरायला मी शिकलो होतो, पण पुस्तक पालथे घालायला त्यांना कोणी शिकवले, याचा विचार मी त्यानंतर पुष्कळ केला आहे.

त्या रविवारी आम्ही पठ्ठे बापूराव मार्गाने गोलपिठ्यात शिरलो. 'हे गोलपिठा' असे सांगणारे काही मोठे दृश्य तेथे नाही. दुकाने, हातगाड्या, जुन्या इमारतींचे लाकडी सज्जे, दोऱ्यांवर वाळत घातलेले कपडे. माझ्या विद्यार्थ्यांच्या चेहऱ्यावर थोडी निराशा, थोडी भीती आणि आपण निराश झालो याची लाज, असे सगळे दिसत होते. मग क्रमांकांच्या गल्ल्या आल्या. वस्ती आता पुष्कळ आटली आहे. पुनर्विकासाची चर्चा चालू असते. अकराव्या गल्लीच्या तोंडाशी माझे पाय आपोआप मंदावले.

एका पायरीवर एक वयस्क बाई सुपात तांदूळ निवडत बसल्या होत्या. अकरा जणांचा घोळका पाहून त्यांनी मान वर केली. "काय बघायला आलात?" त्यांनी विचारले. स्वरात राग नव्हता. हा प्रश्न त्यांनी पूर्वीही अनेकांना विचारला असावा. माझे विद्यार्थी माझ्याकडे पाहू लागले. अभ्याससहल, साहित्य, कवी, चळवळ अशी उत्तरे माझ्या जिभेवर आली. अंगणवाडीच्या ताई माझ्या शेजारी उभ्या होत्या. त्यांचा गाडीतला प्रश्न मला आठवला.

मी म्हणालो, "माझे वडील इथे राहायचे. याच गल्लीत. रोह्याकडच्या लोकांची खोली होती." आणि मग पुढचे आपोआप आले: इमारतीचे नाव, मजला, खोलीचा क्रमांक, गल्ली, मुंबई 8. पाकिटावर लिहायचो त्याच क्रमाने. हे मी आयुष्यात कधी मोठ्याने म्हटले नव्हते.

बाईंनी सूप बाजूला ठेवले. "मग हे आधी सांगायचं ना," त्या म्हणाल्या. "कितीतरी कोकणातले होते इथे. गणपतीला सगळी गल्ली रिकामी व्हायची." त्यांनी बोटाने इमारत दाखवली. ती खोली आता राहती नव्हती. तेथे पिशव्या शिवण्याचा कारखाना होता आणि रविवार म्हणून कुलूप होते. मी जिना चढून गेलो, कुलपाला हात लावला आणि खाली आलो. बाईंनी तोवर विद्यार्थ्यांना पाणी दिले होते. त्या कोण, त्यांचे आयुष्य कसे गेले, हे आम्ही विचारले नाही. त्यांनी सांगितले असते तर ऐकले असते.

परतीच्या गाडीत पनवेलपर्यंत कोणी फारसे बोलले नाही. मग एकेकाने सुरुवात केली. मागच्या बाकावर हसणारा तो तरुण म्हणाला की, त्याची आजी आठवडा बाजारात सुकी मासळी विकायची आणि त्याने कॉलेजात हे कोणाला सांगितले नव्हते. अंगणवाडीच्या ताईंनी विचारले, "सर, परीक्षेच्या उत्तरात आमच्याकडचा शब्द लिहिला तर गुण कापतात का?" मी म्हणालो, "शब्द नेमका असेल आणि तो का वापरला हे तुम्हाला सांगता आलं, तर मी तरी कापणार नाही."

मित्रहो, अशी फेरी काढायला तुम्हाला मुंबईलाच जावे लागेल असे नाही. तुमच्या गावातही एखादा भाग असेल, ज्याचे नाव घेताना आवाज खाली येतो: एखादी आळी, नदीपलीकडची वस्ती, बंद पडलेला कारखाना, तमाशाच्या राहुट्या पडायच्या ते मैदान. तिथे जा. तिथल्या माणसालाच मार्गदर्शक करा. कळले नाही ते विचारा आणि विचारले जाईल तेव्हा स्वतःचा पत्ता आधी सांगा. मग घरी येऊन हा घटक पुन्हा वाचा.

या लेखाची पहिली प्रत अभ्यासकेंद्राला पाठवताना पाकिटाच्या मागे मी माझा पत्ता लिहिला. आधी सवयीने 'रोहा' लिहिले होते. ते खोडले नाही. त्याच्या आधी 'अष्टमी' लिहिले आणि पाकीट सरळ धरून पोस्टात घेऊन गेलो.